सोमवारी क्लोज होतंय

अमेरिकेत सगळे मुहूर्त शनिवारीच निघतात. वास्तुशांतीचाही निघाला, सकाळी दहाचा. फरक एवढाच की लोक नव्या घराची शांत करतात आणि कांचन करत होती तीस वर्षं राहून झालेल्या घराची. सनीव्हेलच्या त्या घराचं छप्पर एकदा बदलून झालं होतं, किचन फोडून पुन्हा बांधून झालं होतं, मागच्या अंगणातलं लिंबाचं झाड म्हातारं झालं होतं, आणि आता शांत! महाराष्ट्र मंडळातल्या निम्म्या बायकांनी फोनवर विचारलं होतं, "अगं, नवं घर घेतलंत की काय?" कांचन प्रत्येकीला तेच उत्तर द्यायची आणि देताना दर वेळी तिला तितकंच गोड वाटायचं.

"नवं कुठलं गं! जुनंच. पण आता आमचं होतंय. सोमवारी लोन क्लोज होतंय."

सगळं सुरू झालं होतं सासूबाईंच्या एका वाक्यावरून. घर घेतल्याचं कळवायला गुरुदत्तनं नाशिकला फोन लावला, तेव्हा त्या म्हणाल्या होत्या, "बँकेच्या घराची कसली शांत करताय? आधी फेडा, मग करा." गुरुदत्तनं ते हसण्यावारी नेलं. कांचननं नेलं नाही. कर्ज तीस वर्षांचं, तर तीस वर्षांनी शांत, अशी तिनं मनाशी गाठच मारली. नोकरीचीही गाठ तिथेच मारलेली. डेंटिस्टच्या ऑफिसात फ्रंट डेस्कला बसून, पेशंटच्या इन्शुरन्सवाल्यांशी भांडून भांडून तिचा घसा बसला होता आणि गुडघे कुरकुरायला लागले होते. कुणी विचारलं, की ती म्हणायची, घर फिटलं की सोडणार.

आणि मग महिन्याभरापूर्वी गुरुदत्त कुणाशी तरी इंग्रजीत बोलून, फोन ठेवून म्हणाला होता, "झालं. पुढच्या महिन्यात सोमवारी क्लोज होतंय. नोटरी घरीच येईल, तुझीही सही लागेल." कांचननं देवापुढे साखर ठेवली. तिच्या भारतातल्या भावानं गेल्याच वर्षी फ्लॅटचं लोन क्लोज केलं होतं आणि अख्ख्या सोसायटीला पेढे वाटले होते. लोन क्लोज होणं म्हणजे काय हे तिला कुणी समजवायला नको होतं.

सव्वानऊला हॉलमध्ये नुसती धांदल होती. दाबके गुरुजी, म्हणजे सोमवार ते शुक्रवार चिप डिझाइन करणारा आणि शनिवार-रविवार पूजा सांगणारा पस्तिशीतला मुलगा, चौरंगावर तांदूळ पसरत होता. होमासाठी अॅल्युमिनियमच्या ट्रेमध्ये वाळू भरून ठेवली होती. जावई मिहीर स्टुलावर चढून स्मोक अलार्मला शॉवर कॅप घालत होता, नाहीतर स्वाहा म्हणायच्या आत फायर ब्रिगेड दारात. शोभावन्सं, म्हणजे गुरुदत्तची थोरली बहीण, सासूबाई गेल्यावर नाशिक सोडून चँडलरला मुलाकडे राहिलेली, आदल्या रात्रीच आल्या होत्या आणि सोफ्यावर बसून फुलवाती वळत होत्या. मंडळी अकराला यायची होती. मसालेभाताचा वास घरभर सुटला होता आणि कांचनचा जीव आनंदानं नुसता वरखाली होत होता.

"वन्सं, तुम्हाला एक गंमत सांगू?" तिला राहवेना. "यांना पण अजून माहीत नाहीये. काल माझा शेवटचा दिवस होता!"

"कसला गं शेवटचा दिवस?"

"नोकरीचा! दोन आठवड्यांपूर्वीच नोटीस दिली. काल त्यांनी केक कापला. हे सारखे म्हणत होते, राजीनामा सोमवारनंतर दे, सोमवारनंतर दे. म्हटलं, शांतीच्या दिवशी सरप्राइज देऊ."

शोभावन्संनी तिच्या गालावरून हात फिरवला. पण मागे किचनच्या दारात काहीतरी धाडकन ठेवल्याचा आवाज आला. ऋता, तिची मुलगी, ताम्हणं घेऊन उभी होती आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"आई, व्हॉट डिड यू जस्ट से? तू क्विट केलंस?"

"हो गं. अशी काय बघतेस?"

"सोमवारच्या आधी?" ऋताचा आवाज चढला. "बाबा! बाबा, इकडे या. आईनं जॉब सोडला. आता ते व्हेरिफाय करायला फोन करतील ना तिच्या ऑफिसला!"

गुरुदत्त पितांबराच्या निऱ्या सावरत बेडरूममधून बाहेर आला. एकाहत्तराव्या वर्षीही ताठ उभा राहणारा माणूस, पण ऐकलं आणि भिंतीला हात टेकला त्यानं. "सोडला? कांचन, मी तुला सांगितलं होतं ना थांब म्हणून!"

कांचन दोघांच्या तोंडाकडे आळीपाळीनं बघत राहिली. "पण कर्ज फेडून टाकणाऱ्याची नोकरी कोण कशाला बघतंय? कुणाचा फोन? कशासाठी?"

गुरुजीचा तांदूळ पसरणारा हातसुद्धा थांबला.

"सोमवारी क्लोज होतंय ना?" कांचननं पुन्हा विचारलं.

"हो आई," ऋता म्हणाली, "बट द न्यू लोन. नवं लोन क्लोज होतंय. आम्ही बॉथेलला घेतोय त्या घराच्या डाउन पेमेंटसाठी. तुला माहितीये ना! बाबा म्हणाले, तुला सांगितलंय."

"नवं," कांचन म्हणाली.

मिहीर स्टुलावरून खाली उतरला. स्वभावानं मवाळ मुलगा, चोरट्यासारखा बोलला. "आई, इथे क्लोजिंग म्हणजे... व्यवहार पक्का होतो. कागदांवर सह्या होतात आणि लोन सुरू होतं."

"सुरू होण्याला क्लोज म्हणतात?"

"हो, म्हणजे, तसंच म्हणतात."

"आणि संपण्याला?"

"पेड ऑफ."

कांचनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे महिनाभर ती सगळ्या मंडळाला, नाशिकला, चँडलरला, फोन करकरून काय सांगत होती? आमच्या डोक्यावर नवं कर्ज चढतंय, जेवायला या! ती नवऱ्याकडे वळली. "तुम्हाला ठाऊक होतं मला काय वाटतंय ते."

"मी कधी म्हटलं, की लोन संपतंय? मी क्लोज म्हटलं. तू तुझा अर्थ घेतलास."

"मी घेतला! आणि मी आमंत्रणं केली, वन्संचं तिकीट काढलं, गुरुजी ठरवले, तेव्हा? तेव्हा का मूग गिळून बसलात? एकदा तरी म्हणायचं होतंत, कांचन, अगं तसं नाहीये!"

"तू एवढी खुशीत होतीस," गुरुदत्त पुटपुटला. "म्हटलं, शांत होऊन जाऊ दे, मग सोमवारी सावकाश सांगू."

"सोमवारी! नोटरीसमोर! पिवळ्या चिठ्ठ्या लावलेल्या असतात तिथे तिथे मी सही करणार, आणि मग तुम्ही सांगणार!"

"अगं, पोरीसाठीच करतोय ना तो," शोभावन्सं मधे पडल्या. "स्वतःच्या चैनीसाठी थोडंच? आईबापांनी नाही करायचं तर कुणी करायचं?"

"वन्सं, थांबा जरा. पोरीचं नंतर बघू." कांचन समोरच्या पाटावर मटकन बसली. पैठणी चुरगळली, तिला पर्वा नव्हती. "आधी मला एक सांगा. जुनं संपलंय ना? तीस वर्षं झालीत. जुनं तर संपलं असेल?"

गुरुदत्तनं घसा खाकरला. "आपण रिफायनान्स केलं होतं ना. तीनदा. तू सह्या केल्या आहेस."

"केल्या. तुम्ही म्हणालात, रेट पडलेत, हप्ता कमी होतोय. मी म्हटलं, वा! मग?"

"हप्ता कमी झालाच. मी दर वेळी हप्ता बघितला, बसतो का नाही ते बघितलं."

"मग?"

"रिफायनान्स म्हणजे जुनं लोन मोडून नवं. दर वेळी ते पुन्हा तीस वर्षांचं होतं, आई," मिहीर हळूच म्हणाला. ऋतानं त्याच्याकडे डोळे वटारून बघितलं, पण तो थांबला नाही. "म्हणजे सात वर्षं भरून झाली, की परत पहिल्यापासून तीस. मग नऊ भरली, परत तीस. आणि सुरुवातीची वर्षं आपण जे भरतो ते बरंचसं व्याजच असतं. मुद्दल शेवटी शेवटी फिटायला लागतं. शेवट आलाच नाही कधी."

साडी घ्यायला गेली, तर चार दुकानं फिरून ती विचारायची, कितीला पडली. भाजी आणली तरी कितीला पडली. माहेरी, सासरी, अमेरिकेत, वस्तू घरात आली की पहिला प्रश्न तोच. आणि घराचं कधी विचारलं नाही! हप्ता केवढा, एवढंच विचारलं. तिला नवऱ्याचा राग आला, आणि स्वतःचा त्याहून जास्त.

"किती घेतलं होतं आपण पहिल्यांदा?" तिनं विचारलं.

"आत्ता हे कशाला—"

"किती?"

"दोन लाख बहात्तर हजार डॉलर."

"मिहीर, तुमचा तो फोन काढा. ह्यांना विचारा, कधी केवढा हप्ता होता, आणि मला सांगा आजवर किती भरले."

पूजेच्या मांडणीसमोर सासरे-जावई हिशेबाला बसले. गुरुदत्तला सगळे आकडे तोंडपाठ होते, हे आणखी एक. साल, हप्ता, टक्के, एकेक घडघड सांगत गेला. मिहीर बोटं चालवत होता. गुरुजीनं शहाणपणानं होमाच्या ट्रेकडे जाऊन समिधा मोजायला घेतल्या.

"साधारण सव्वासहा लाख," मिहीर म्हणाला. "डाउन पेमेंट सोडून."

"आणि आता किती उरलंय?"

गुरुदत्त पितांबराच्या निऱ्या सारख्या करायला लागला.

"अहो, किती उरलंय?"

"दोन लाख नव्वद."

शोभावन्संच्या हातातली वात तशीच राहिली.

"घेतलं दोन बहात्तर," कांचन एकेक शब्द तोडून म्हणाली, "भरलं सव्वासहा, आणि उरलं दोन नव्वद? घेतलं त्याहून जास्त? तीस वर्षं मी लोकांच्या दातांची बिलं करत बसले ती कशासाठी?"

"त्यात किचन आलं," गुरुदत्त आता चिडला. "ऋताची कॉलेजची फी आली. मधे मधे जास्तीचे काढले आपण. हवेत नाही गेले पैसे! आणि घराची किंमत कुठे गेली बघ. आज विकलं तर वीस लाख येतील."

"विकायचंय का आपल्याला?"

"नाही, पण—"

"मग ते वीस लाख मला सांगू नका. विकून राहायचं कुठे, तुमच्या हिशेबाच्या स्प्रेडशीटमध्ये? किचनचं बोला. ते किचन पन्नास हजाराचं म्हणालात. तीस वर्षांच्या कर्जात घातलेलं किचन कितीला पडलं, हे मला का नाही सांगितलंत?"

ह्या माणसानं आयुष्यभर सर्किटं तपासली होती, रेस्टॉरंटच्या बिलातला टॅक्ससुद्धा तो पुन्हा मोजायचा. आणि घराचं बिल त्यानं कधी शेवटपर्यंत वाचलं नव्हतं, किंवा वाचलं होतं आणि पान उलटं करून ठेवलं होतं.

"आता सोमवारचं सांगा," कांचन म्हणाली.

"जुनं दोन नव्वद आणि ऋताला अडीच. पाच चाळीस."

"टक्के?"

"साडेसहा."

"जुनं किती टक्क्यांनी आहे?"

ह्या वेळी मिहीरनंच उत्तर दिलं. "पावणेतीनच्या आसपास. आई, मी ऋताला म्हटलं होतं. असं स्वस्तातलं लोन मोडून कुणी महागातलं घेत नाही."

"मिहीर, स्टॉप इट!" ऋता ओरडली. "कुणाच्या साइडनं आहेस तू?"

"तीस वर्षांत किती होतील?" कांचननं विचारलं.

मिहीरनं बघितलं. "बारा लाखांच्या वर."

"आणि फिटेल तेव्हा हे किती वर्षांचे असतील?"

तो आकडा कांचननंच सांगितला. "एकशे एक. छान! आहेराचा आकडा आहे. पाकिटात घालून देऊ या बँकेला."

गुरुजीला हसू आलं, ते त्यानं खोकल्यात घातलं. पण शोभावन्सं हसल्या नाहीत. त्या भावाकडे टक लावून बघत होत्या.

"गुरू," त्या म्हणाल्या, "आई जाईपर्यंत दर रविवारी तुला विचारायची, फिटलं का रे घर? तू काय सांगायचास?"

"ताई, आता आईचं कशाला काढतेस?"

"म्हणायचास, फिटतंय. मी शेजारीच बसलेली असायची. फिटतंय, आई, फिटतंय. ती शेजारणीला सांगायची, माझ्या गुरूचं घर फिटत आलं." त्यांनी वाती बाजूला ठेवल्या. "तिलाही क्लोजच सांगितलंस की रे तू."

गुरुदत्त खुर्चीत बसला. त्याला इतकं म्हातारं झालेलं कांचननं कधी पाहिलं नव्हतं. तिला त्याची कीव आली, खोटं कशाला सांगा. पण राग तसाच होता. दोन्ही एकाच वेळी असू शकतं, हे ह्या माणसाबरोबर चाळीस वर्षं राहून तिला माहीत होतं.

ऋता तिच्यासमोर येऊन गुडघ्यांवर बसली. डोळे भरले होते. "आई, आम्ही ऑफर दिलीये. अॅक्सेप्ट झालीये. आता मागे हटलो तर तीस हजार जातील, अर्नेस्ट मनी, ऑफरबरोबर भरलेले. आणि बँकेला तुझा पगार दाखवावा लागतो. प्लीज. तू फक्त तुझ्या डॉक्टरांना विचार ना, मंडेला परत घेतील का. जस्ट फॉर अ फ्यू मंथ्स."

कांचननं तिच्या केसांवरून हात फिरवला. ही मुलगी कधी हट्टी नव्हती. हिलाही तेच शिकवलं होतं, हप्ता बसतो का बघ. "केवढ्याचं आहे घर?"

"अकरा लाख."

"हप्ता विचारत नाहीये. कितीला पडेल?"

ऋतानं मिहीरकडे बघितलं. मिहीर म्हणाला, "तीस वर्षांत वीस लाखांच्या घरात जाईल. टॅक्स, इन्शुरन्स वेगळा."

"तू कधी काढलंस हे?" ऋतानं विचारलं.

"ऑफर द्यायच्या आधी. मी तुला दाखवलं होतं. तू म्हणालीस, बाबा सांगतात मंथली पेमेंट बघ."

ऋतानं वळून बापाकडे बघितलं, आणि त्या बघण्यात आता सकाळचा भरवसा नव्हता.

"हे बघ," कांचन म्हणाली, "माझ्या नावावर साठ हजार आहेत. माझ्या पगारातले, माझे. ते तुझे. तीस हजार बुडाले तर बुडाले समज, आणि उरलेल्यात लहान घर बघा, थोडं थांबून बघा. माझ्याकडे आहे ते मी सगळं देईन. नाही ते देणार नाही. आणि नोकरीवर मी परत जाणार नाही. काल केक कापलाय."

"आणि आपला हप्ता?" गुरुदत्तनं विचारलं.

"तेराशे चौऱ्याहत्तर. तुमच्या सोशल सिक्युरिटीच्या पेन्शनमध्ये बसतो. बसतो का बघा, तुम्हाला सवय आहे. आणि वरचे जमतील तेवढे दर महिन्याला मुद्दलात घाला."

दहा वाजायला आले होते. गुरुजी चौरंगापाशी येऊन संकोचानं उभा राहिला. "काका, काकू... मुहूर्त. करायची का शांत? की..."

कांचननं त्याच्याकडे बघितलं. "गुरुजी, कर्ज असताना चालते का हो वास्तुशांत?"

"न चालायला काय झालं? राहायला येतानाच करायची असते. शास्त्रात बँकेचा काही उल्लेख नाही. मी स्वतःची केली तेव्हा माझं तर सगळं घरच बँकेचं होतं."

"म्हणजे तीस वर्षांपूर्वीही चालली असती."

"चालली असती, काकू."

कांचन हसली, पण ते हसू बघून मिहीरनं मान खाली घातली. मग ती उठली, पैठणीच्या चुण्या झटकल्या आणि पाटावर नीट मांडी घातली. "बसा," ती नवऱ्याला म्हणाली. "माणसं जेवायला येतायत."

गुरुदत्त शेजारच्या पाटावर बसला. गुरुजीनं आचमनं करवली, गोत्र विचारलं, संकल्पाला सुरुवात केली. मग सवयीनं म्हणाला, "काका, पळीत पाणी घ्या. काकू, तुम्ही काकांच्या हाताला हात लावा."

गेली चाळीस वर्षं कांचननं तो हात लावला होता. सत्यनारायणाला, गणपतीला, मुंजींना, लग्नांना. पूजा त्याची आणि हाताला हात तिचा, तसंच कर्ज त्याचं आणि सही तिची. आज तिचा हात मांडीवर होता आणि तो तिथेच राहिला.

"आधी फोन," ती म्हणाली.

"कुणाला?"

"सोमवारच्या त्या माणसाला."

"आज शनिवार आहे, कांचन. कुणी नसेल."

"मशीन असेल. मशीनवर सांगा."

गुरुजी थांबला. पळी ताम्हणात ठेवून गुरुदत्तनं हात पुसले. मिहीरनं त्याचा फोन आणून दिला. पितांबर नेसलेला, कपाळाला गंध लावलेला माणूस मांडी घालून फोनवर स्वच्छ इंग्रजीत बोलला, "हॅलो, धिस इज गुरुदत्त. वी विल नॉट बी क्लोजिंग ऑन मंडे. थँक यू." आणि त्यानं फोन खाली ठेवला.

शोभावन्संना इंग्रजी अर्धंच उमजायचं. त्यांनी पुढे वाकून विचारलं, "काय म्हणाला गं?"

"म्हणाले, क्लोज झालं," कांचननं सांगितलं.

"नाही, आत्या, ते म्हणाले, नॉट क्लो—" मिहीर समजवायला गेला.

"मी मराठीत सांगतेय," कांचन म्हणाली.

ऋता डोळे पुसत उठली आणि तिनं किचनमध्ये जाऊन मसालेभाताखालचा गॅस बारीक केला. गुरुजीनं घसा साफ केला आणि संकल्पाचं शेवटचं वाक्य पुन्हा म्हटलं. "काका, आता पाणी सोडा."

गुरुदत्तनं पळी उचलली. कांचननं त्याच्या हाताला हात लावला, आणि त्यानं पाणी सोडलं.